स्मृती गेली, माणूस गेला काय?

वसईच्या सांडोरसारख्या गावांत केळीच्या वाड्या, पानवेली आणि विहिरीवरचे रहाट यांच्या संगतीत वाढलेली पिढी आता वृद्ध झाली आहे. अनेक वाड्यांच्या जागी इमारती उठल्या. अशा एखाद्या घरातील स्मृतिभ्रंश झालेला वृद्ध तिन्हीसांजेला ‘मला घरी न्या’ असा धोशा लावतो, तेव्हा ‘म्हातारा चळला’ असे म्हणून आपण मोकळे होतो. वास्तविक अल्झायमरच्या विकारात बहुधा अलीकडच्या आठवणी आधी पुसल्या जातात आणि जुन्या पुष्कळ काळ टिकतात. तो ज्या घराची वाट विचारतो ते घर खरोखरच होते. ते आपण मोडले आहे.

भारतात साठी उलटलेल्यांपैकी ७.४ टक्के, म्हणजे सुमारे ८८ लक्ष लोक स्मृतिभ्रंशाने ग्रस्त असल्याचा अंदाज २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला. स्मृती गेली की माणूसच गेला, असे मानणे म्हणजे या सर्वांना जिवंतपणी मृतांत जमा करणे होय. आम्हांस हे मान्य नाही. बारसे असो वा बाप्तिस्मा, बालकास स्वतःची ओळख नसतानाच आपण त्यास नाव देतो. आरंभी जी ओळख इतरांनी दिली, ती अखेरीस इतरांनीच सांभाळावी, यात नवल ते काय?

मात्र केवळ मायेने भागत नाही. १९७४ च्या रेल्वे संपाचे नेतृत्व करणारे जॉर्ज फर्नांडिस यांना उतारवयात याच विकाराने गाठले. त्यांनी कोणापाशी राहावे, त्यांना कोणी भेटावे, हा आप्तांतील वाद २०१० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात गेला. ज्यांच्या शब्दासरशी मुंबई थांबत असे, त्यांचा स्वतःचा शब्द त्या वादात निर्णायक ठरण्याची वेळ टळून गेली होती.

२०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने आपल्या उपचारांविषयीची इच्छा आगाऊ लिहून ठेवण्याचा आणि आपला प्रतिनिधी नेमण्याचा अधिकार प्रत्येक प्रौढास दिला आहे. बुद्धी शाबूत आहे तोवरच सुशिक्षितांनी तो वापरावा. आणि घरच्यांनी? वृद्धाशी त्याच्या लहानपणच्या वाडवळी वा सामवेदी बोलीत बोलावे, त्यास नावाने हाक मारावी. त्यास आपले नाव आठवत नसेल. आपल्यास त्याचे विसरण्याचे काहीच कारण नाही.