सरकलेला सांधा

जयपूरचा गुलाबी रंग खोटा आहे, असे सांगणारे चिकित्सक पुष्कळ भेटतात. सवाई रामसिंग दुसरे यांच्या कारकिर्दीत, १८७६ साली, प्रिन्स ऑफ वेल्सच्या स्वागतासाठी शहर रंगवले गेले, हा त्यांचा पुरावा. पुरावा खरा; निष्कर्ष पोकळ. १७२७ मध्ये सवाई जयसिंगांनी वसवलेले हे नगर मुळातच सूत्र लावून आखलेले. त्यात ‘नैसर्गिक’ असे होते तरी काय? १७९९चा हवामहल तर बव्हंशी दर्शनी भिंतच. वरच्या मजल्यांना जेमतेम एका दालनाची खोली. पण आत शिरण्याची वाट मागूनच असल्याने ते गुपित राहत नाही.

लबाडी पाहायची तर शेजारच्या सांगानेरचे कापड पाहावे. तेथील छीपा कारागीर लाकडी ठसा हाताने उमटवतो. दोन ठशांच्या सांध्यावर रेघ किंचित सरकते, रंग कोठे गडद, कोठे फिका पडतो. हे सरकणे आता स्क्रीनवर हिशेबाने आखले जाते आणि ते कापड ‘हातछपाई’ म्हणून खपते. २०१० मध्ये सांगानेरी ठसेछपाईला भौगोलिक मानांकन मिळाले. ते दुकानाच्या फलकापर्यंत पोचतेच असे नाही. स्क्रीनछपाईत वावगे काही नाही. स्वस्त कापड लोकांना हवेच, आणि तेही माणसेच छापतात. संताप यावा तो कारागिराच्या हाताची चूक उचलून त्याची मजुरी बुडवण्याचा. अस्सलाचा शोध घेणारा रसिक मात्र भिंतीचा रंग नखाने खरवडून पाहतो, आणि परतताना पिशवीत तेच कापड घेऊन जातो.