राज्य देऊन टाकणारा राजा

राजांच्या गोष्टी तुम्ही पुष्कळ वाचल्या असतील. राज्य जिंकणारे, राखणारे, गमावणारे. पण ‘हे घ्या, आता तुम्हीच चालवा’ असं म्हणून राज्य प्रजेच्या हाती देणारा राजा ऐकलाय कधी?

फ्रान्समध्ये लाफायेत नावाचा एक मोठा उमराव होता. घरात पैसा, मान, सगळं होतं. तरी 11 जुलै 1789 रोजी त्यानेच माणसाच्या हक्कांच्या जाहीरनाम्याचा मसुदा तिथल्या सभेपुढे मांडला. असा माणूस आपल्या महाराष्ट्रातही होता बरं का! आपल्या बपेऱ्यापासून पार दुसऱ्या टोकाला, सातारा जिल्ह्यात औंध आहे. तिथले राजे भवानराव पंतप्रतिनिधी.

संस्थान केवढं? 72 गावांचं, तेही तुकड्यातुकड्यांनी विखुरलेलं. भवानराव 1909 साली गादीवर आले. राजा मोठा हौशी! चित्रं काढायचे, कीर्तन करायचे आणि रोज सूर्यनमस्कार घालायचे. नुसते स्वतः नाही, शाळेतल्या मुलांनाही घालायला लावायचे. (का, पोटात गोळा आला ना?) लक्ष्मणराव किर्लोस्करांना बेळगावची जागा सोडावी लागली, तेव्हा त्यांना आपल्या संस्थानात जागा दिली ती याच राजाने. 1910 साली त्या माळरानावर किर्लोस्करवाडी उभी राहू लागली.

पण खरी गोष्ट पुढेच आहे. भवानरावांचे चिरंजीव अप्पासाहेब विलायतेत शिकून आले. त्यांच्या ओळखीचे एक पोलिश इंजिनिअर होते, मॉरिस फ्रीडमन. राज्य लोकांकडे द्यावं, असा विचार निघाला. राजांनी तो मानला! मग मंडळी गांधीजींचा सल्ला घ्यायला कुठे गेली? आपल्या विदर्भात, वर्ध्याजवळ सेवाग्रामला. जानेवारी 1939 मध्ये औंधची राज्यघटना झाली. गावाने आपली पंचायत निवडायची, गावातले तंटे गावातच मिटवायचे, पंचायतींमधून तालुक्याला आणि तालुक्यातून संस्थानच्या सभेत माणसं पाठवायची. राजाच्या खर्चालाही मर्यादा आली.

तुम्ही विचाराल, राजाने दिलं ते राजाने परत घेतलं तर? म्हणूनच तर ते तोंडी न ठेवता कायद्यात लिहिलं! काही मोठी माणसं म्हणतात, नाहीतरी संस्थानं जाणारच होती, त्यात काय एवढं? मला हे पटत नाही. 1939 साली देशात इंग्रजांचं राज्य होतं. स्वातंत्र्याला अजून आठ वर्षं होती आणि बाकीचे बहुतेक राजे आपल्या गादीला घट्ट धरून बसले होते. भवानराव तेव्हा सत्तर वर्षांचे होते. त्या वयात आपण साधी बसायची खुर्ची तरी सोडतो का, घरी आजोबांनाच विचारा!

त्याच साली आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसलं. हा होता तुरुंग, पण त्याला भिंतच नाही! कैद्यांनी शेती करायची, बायकामुलांसह राहायचं. पळून जायला वाट मोकळीच, फक्त विश्वासाचं कुंपण. यावरूनच सुचलेला व्ही. शांताराम यांचा ‘दो आँखें बारह हाथ’ हा सिनेमा 1957 साली आला. बारा हात म्हणजे कैदी किती, ते तुम्हीच सांगा.

मार्च 1948 मध्ये औंध मुंबई राज्यात विलीन झालं आणि हा प्रयोग तिथेच थांबला. नऊ वर्षांची पोरं कुठे मोठी होतात हो! आणखी दहा वर्षं मिळती तर काय झालं असतं, असं मला फार वाटतं. राजपुत्र अप्पासाहेब त्याच साली स्वतंत्र भारताचे प्रतिनिधी म्हणून आफ्रिकेत नैरोबीला गेले. भवानराव 1951 साली वारले.

कधी सातारा जिल्ह्यात सहलीला गेलात, तर औंधच्या यमाईच्या डोंगरावर जरूर जा. तिथे भवानरावांनी 1938 साली उभारलेलं संग्रहालय आहे. त्यांनी आयुष्यभर जमवलेली चित्रं आणि मूर्ती अजून तिथे आहेत.