विर्शिंग यांचे छायालेखन आणि ‘प्रभावा’चा प्रश्न

भारतीय चित्रपटाच्या चर्चेत योझेफ विर्शिंग या जर्मन छायालेखकाचे नाव आले की ‘जर्मन अभिव्यक्तिवादाचा प्रभाव’ हा शब्दप्रयोग पाठोपाठ येतो. मर्ढेकरांच्या कवितेशेजारी एलियटचे नाव ठेवून थांबणाऱ्या समीक्षेचीच ही सवय होय. उगम सांगितला की कलाकृती उलगडली, असे ती गृहीत धरते. विर्शिंग यांची कारकीर्द या गृहीतकाला छेद देते.

१९०३ साली म्युनिक येथे जन्मलेले विर्शिंग तेथील एमेल्का या चित्रसंस्थेत घडले. अभिव्यक्तिवादी चित्रपटांचे मुख्य केंद्र मात्र बर्लिन होते. फ्रांझ ऑस्टेन दिग्दर्शित ‘प्रेम संन्यास’ (१९२५) या मूकपटासाठी ते भारतात आले. बुद्धचरित्रावरील हा मूकपट कृत्रिम प्रकाशाविना, प्रत्यक्ष स्थळी चित्रित झाला. ज्यांच्या नावाशी पुढे काळोख जोडला गेला, त्यांचे भारतातील पहिले काम असे भर उन्हातले होते.

१९३४ मध्ये हिमांशु राय यांनी स्थापन केलेल्या बॉम्बे टॉकीजच्या मालाड येथील चित्रनगरीत विर्शिंग यांच्या हाती नियंत्रित प्रकाश आला. ‘अछूत कन्या’ (१९३६) मध्ये तो देविका राणींच्या चेहऱ्यावर मृदुपणे रेंगाळतो. प्रेक्षकाची सहानुभूती तो मिळवतो, हे खरे. परंतु कोरीव भुवयांच्या या नायिकेचे अस्पृश्यपण त्याच उजेडात सुशोभितही होते. दलित साहित्याच्या वाचकाला हा आक्षेप नवा वाटणार नाही. ‘प्रभाव’ या संज्ञेत मात्र तो उपस्थितच होत नाही.

१९३९ मध्ये महायुद्ध सुरू होताच ब्रिटिश सरकारने त्यांना स्थानबद्ध केले. युद्धोत्तर काळात ते पुन्हा कॅमेऱ्यामागे आले आणि कमाल अमरोही यांचा ‘महल’ (१९४९) त्यांनी चित्रित केला. येथे काळोख आहे, पण तो कथेच्या गरजेतून आलेला आहे. पुनर्जन्माच्या भासात सापडलेल्या नायकाला गाण्याचा आवाज आधी येतो, चेहरा मागाहून दिसतो. आवाज आणि चेहरा यांमधील अंतर अंधाराने भरले आहे. हिंदी चित्रपटातील गीताची परंपरा वगळून या अंधाराचा अर्थ लावता येत नाही. ‘पाकीजा’त तर रंग आणि झगमगाट आहे. १९६७ मध्ये विर्शिंग यांचे निधन झाले. उरलेले चित्रण इतरांनी पूर्ण केल्यावर १९७२ साली तो प्रदर्शित झाला.

जर्मनीतील प्रशिक्षणाचे महत्त्व येथे नाकारावयाचे नाही. तथापि ऊन, मृदू उजेड, काळोख आणि रंग यांचा उलगडा त्या एका लेबलाने होत नाही. ही शैली मुंबईत, कथेच्या आणि गीताच्या मागण्यांतून घडत गेली. तौलनिक अभ्यासाने ‘हे कोठून आले?’ या प्रश्नावर विसावू नये. येथे आल्यावर त्याचे काय झाले आणि त्याने कोणाला कसे दाखवले, हेही विचारले पाहिजे. साहित्याच्या वर्गातही या प्रश्नांची तितकीच निकड आहे.