महाडची खाडी व महाडचें तळें

शाळेंत भूगोलाचा तास निराळा व इतिहासाचा तास निराळा. एका तासाला नद्यांचीं नांवें पाठ करावयाचीं, दुसऱ्याला सनावळी. या विभागणीमुळें विद्यार्थ्यांच्या मनांत नकळत अशी समजूत रुजते कीं, भूमि ही एक वस्तु आहे आणि तिच्यावर राहणाऱ्या मनुष्यांचें चरित्र ही अगदीं दुसरी वस्तु आहे. दोहोंचा परस्परांशीं संबंध असलाच तर तो परीक्षेच्या वेळापत्रकापुरता. आमच्या मतें ही समजूत चुकीची आहे. तिच्यामुळें दोन्ही विषय नीरस होतात एवढेंच नव्हे, तर आपण राहतों तें गांव आपल्याला कधीं नीट कळतच नाहीं. हें म्हणणें नुसत्या उपदेशानें पटणार नाहीं; म्हणून कोंकणांतील सावित्री नदीच्या कांठचें महाड हें लहानसें शहर उदाहरणादाखल घेऊं.

सावित्री महाबळेश्वरच्या पठारावर उगम पावते. त्याच पठारावर उगम पावणारी कृष्णा पूर्वेकडे वळते आणि सुमारें १४०० किलोमीटर वाहत जाऊन बंगालच्या उपसागराला मिळते. सावित्री पश्चिमेकडचा कडा उतरते आणि शंभराच्या आसपास किलोमीटरांतच अरबी समुद्र गांठते. एकाच डोंगरावर जन्मलेल्या या दोन नद्या; परंतु एकीचा प्रवास दीर्घ व संथ, दुसरीचा आंखूड व उताराचा. पोलादपूरवरून सावित्री महाडास येते, तेथें तिला गांधारी मिळते. पुढें दासगांवाजवळ रायगडाच्या बाजूची काळ नदी येऊन मिळते आणि अखेर बाणकोट व हरिहरेश्वर यांच्यामधून ती समुद्रांत शिरते. नकाशांत एवढेंच दिसतें. नकाशांत न दिसणारी गोष्ट ही कीं, समुद्राची भरती खाडीतून अनेक मैल आंत महाडपर्यंत चढते. वरून येणारें डोंगराचें पाणी आणि खालून येणारें समुद्राचें पाणी यांची गांठ या शहरापाशीं पडते. महाडचा बहुतेक सारा इतिहास या एका गोष्टींत सांठविला आहे, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं.

या गोष्टीचें पहिलें फळ म्हणजे बंदर. भरतीबरोबर गलबतें व मचवे महाडच्या धक्क्याला येत व ओहोटीबरोबर परत जात. मागें सह्याद्रीचे घाट होते. वरंध घाटानें भोरकडे जातां येई, पोलादपुरावरून महाबळेश्वराकडे चढतां येई. जेथें होडी थांबते व बैल चालूं लागतो, तेथें पेठ वसते हा व्यापाराचा जुना नियम आहे. कोंकणचें मीठ व सुकी मासळी येथून घाटावर जाई आणि घाटावरचा गूळ व कांदे येथें उतरत. शहराजवळच्या गांधारपाले येथील डोंगरांत सुमारें तीस बौद्ध लेणीं कोरलेलीं आहेत. तीं इसवी सनाच्या पहिल्या कांहीं शतकांतील असून तेथील एका शिलालेखांत विष्णुपालित नांवाच्या राजकुमाराच्या दानाचा उल्लेख आहे. ज्या मार्गावर व्यापारी नाहींत, त्या मार्गावर भिक्षूंसाठीं एवढीं लेणीं कोरून देण्यास दाते मिळणें कठीण. तेव्हां हा रस्ता त्या काळींही वाहता असला पाहिजे.

पुढें रायगड राजधानी झाला व ६ जून १६७४ रोजीं तेथें शिवाजी महाराजांना राज्याभिषेक झाला, तेव्हां त्या गडाच्या पायथ्याच्या प्रदेशांतील या पेठेचें महत्त्व सहजच वाढलें. इंग्रजांचें लक्षही नदीच्या मुखावर होतें. १७५६ च्या तहानें त्यांना बाणकोटचा किल्ला मिळाला व त्यांनीं त्याला फोर्ट व्हिक्टोरिया असें नांव दिलें. पेशवाईच्या उत्तरार्धांत महाड दोनदां राजकारणाच्या ऐन मध्यभागीं आलें. १७९६ सालीं नाना फडणीस पुण्यांतून निघून महाडास येऊन राहिले व तेथूनच त्यांनीं आपला डाव पुन्हा मांडला. त्या सालचा करार महाडचा तह म्हणून ओळखला जातो. १८०२ सालीं यशवंतराव होळकरांनीं पुण्याजवळ पराभव केल्यावर दुसरे बाजीराव याच वाटेनें खालीं उतरले, महाडास थांबले आणि समुद्रमार्गें वसईस गेले. तेथें ३१ डिसेंबर १८०२ रोजीं झालेल्या तहानें मराठी राज्याचें स्वातंत्र्य गहाण पडलें. दोघेही महाडासच कां आले? कारण येथें पाठीशीं डोंगर होता व पुढें समुद्राची वाट मोकळी होती. सनावळी पाठ करणाऱ्या विद्यार्थ्यानें नकाशा जवळ घेतला, तर हा प्रश्न त्याला आपोआप सुटेल.

भरतीचें दुसरें फळ निराळ्या प्रकारचें आहे. खाडीचें पाणी गलबताला चालतें, घशाला चालत नाहीं. म्हणून खाडीकांठच्या शहरांत विहिरी व तळीं यांचें मोल फार. महाडांतील एका मोठ्या तळ्याला चवदार तळें म्हणतात. चवदार म्हणजे रुचकर. खाऱ्या पाण्याच्या शेजारीं राहणाऱ्या लोकांना गोड्या पाण्याचें केवढें अप्रूप असावें, तें या नांवांतच उमटलें आहे. परंतु जी वस्तु मोलाची असते तिच्याभोंवतीं मनुष्य कुंपण घालतो, आणि या तळ्याभोंवतींचें कुंपण तारेचें नसून जातीचें होतें. मुसलमान व ख्रिस्ती यांना तेथें पाणी घेण्यास आडकाठी नव्हती, गुरांनाही नव्हती. अस्पृश्य मानलेल्या हिंदूंना मात्र होती.

१९२३ सालीं सी. के. बोले यांच्या ठरावान्वयें मुंबई कायदेमंडळानें सार्वजनिक पाणवठे सर्वांस मोकळे असावेत असें ठरविलें, आणि १९२४ सालीं महाडच्या नगरपालिकेनें तळें खुलें असल्याचा ठराव केला. परंतु ठराव दप्तरांत राहिला व तळें होतें तसेंच राहिलें. १९ व २० मार्च १९२७ रोजीं महाडास बहिष्कृत वर्गाची परिषद भरली, तेव्हां जमलेल्या हजारों माणसांच्या तहानेसाठीं चाळीस रुपयांचें पाणी विकत घ्यावें लागलें. सार्वजनिक तळें हांकेच्या अंतरावर असतां पाणी विकत घ्यावें लागावें, यापेक्षां त्या काळच्या स्थितीचें अधिक बोलकें वर्णन आम्हांस सांपडत नाहीं. २० मार्च रोजीं डॉ. भीमराव आंबेडकर मिरवणुकीनें तळ्यावर गेले, त्यांनीं ओंजळभर पाणी प्राशन केलें व त्यांच्यामागून इतरांनीं केलें. त्यानंतर परिषदेच्या लोकांवर हल्ला झाला, आणि पंचगव्य मिसळलेल्या घागरी ओतून तळें ‘शुद्ध’ करण्यांत आलें. नगरपालिकेनें आपला ठरावही पुढें मागें घेतला.

त्याच वर्षीं डिसेंबरांत डॉ. आंबेडकर पुन्हा निघाले, तेव्हां मोटारवाले ऐन वेळीं नाकारतील ही भीति होती. म्हणून ते व त्यांचे सोबती मुंबईहून आगबोटीनें निघून हरिहरेश्वरावरून खाडीतून दासगांवास उतरले व तेथून सुमारें पांच मैल पायीं चालत महाडास आले. ही हकीकत विद्यार्थ्यांनीं मुद्दाम लक्षांत ठेवावी. ज्या वाटेनें व्यापारी आले, ज्या वाटेनें पेशवा समुद्राकडे गेला, त्याच पाण्याच्या वाटेनें पाण्याचा हक्क मागणारे लोक आले. रस्ता अडवितां आला असता. भरती अडवितां येत नाहीं. मनुष्यानें बांधलेलें तळें बंद होतें, नदी मात्र सर्वांना सारखीच वाहून नेत होती. त्या खेपेस दिवाणी न्यायालयाचा मनाईहुकूम असल्यामुळें तळ्यावर जाणें तहकूब झालें. पण २५ डिसेंबर १९२७ रोजीं तेथें मनुस्मृतीचें दहन झालें. पुढें दहा वर्षें दावा चालला आणि १७ मार्च १९३७ रोजीं मुंबई उच्च न्यायालयानें निकाल दिला. तळ्याची जी बंदी अनादि काळापासूनची म्हणून सांगितली जात होती, तिचें तसें अनादित्व सिद्ध होऊं शकलें नाहीं. रूढि किती जुनी आहे असें म्हणतात व ती वस्तुतः किती जुनी असते, यांत पुष्कळदां असेंच अंतर पडतें.

आतां तिसरें फळ, तें म्हणजे पूर. नदी आंखूड व उताराची, उगमापाशीं पाऊस प्रचंड, मार्गांत गांधारी व काळ यांची भर, आणि समुद्राला भरती असली म्हणजे साचलेल्या पाण्याला बाहेर पडण्याचा दरवाजा अर्धा मिटलेला. २२ जुलै २०२१ रोजीं सुरू झालेल्या वृष्टींत महाबळेश्वरास चोवीस तासांत सुमारें ५९४ मिलिमीटर पाऊस झाला. महाडची पेठ पाण्याखालीं गेली, दुकानें व तळमजले बुडाले. त्याच दिवशीं तालुक्यांतील तळिये गांवावर दरड कोसळून ऐंशींहून अधिक माणसें गेलीं. २००५ च्या जुलैमध्यें दासगांव, जुई, रोहण व कोंडिवते या गांवांवरही अशाच दरडी कोसळल्या होत्या. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्रीं महाड व पोलादपूर यांच्या दरम्यान सावित्रीवरील १९२८ सालचा दगडी पूल पुरांत वाहून गेला आणि दोन एस्. टी. गाड्या व कांहीं मोटारी अंधारांत नदींत पडल्या. नवा पूल ५ जून २०१७ रोजीं खुला झाला. पूल पुन्हा बांधतां येतो. गेलेलीं माणसें पुन्हा येत नाहींत.

येथें कोणी म्हणेल कीं, पाऊस व भरती या ईश्वराधीन गोष्टी. त्यांत शहराचा काय दोष? पावसाचा दोष शहरास कोणीही देणार नाहीं. परंतु पाण्याला पसरावयास जी सखल जमीन लागते, तिच्यावर भराव कोणी घातला? डोंगरउतार कोणीं कापले? गलबतें येत होतीं तोंवर पात्रांत गाळ किती सांचला याची चिंता प्रत्येक व्यापाऱ्यास होती. कारण गाळ म्हणजे त्याचें प्रत्यक्ष नुकसान. महामार्ग झाला, बंदर ओस पडलें आणि शहरानें नदीकडे पाठ फिरविली. २०२१ नंतर गाळ काढण्याचें काम हातीं घेतलें गेलें हें चांगलेंच झालें. परंतु पूर आल्यावर नदीची आठवण होणें आणि नदीची ओळख असणें यांत फार अंतर आहे. नदीस तिची जागा सोडणें हा दयेचा प्रश्न नसून शहाणपणाचा प्रश्न आहे.

कित्येक पालक दुसरा आक्षेप घेतील. तळ्याची जुनी कटु गोष्ट कोंवळ्या मुलांस कशाला सांगावयाची? झालें तें झालें, आतां सर्व एकत्र बसतात, एका नळाचें पाणी पितात; मग खपली कां काढावी? या आक्षेपामागें सद्भाव आहे हें आम्ही जाणतों. तरीही आमचें मत निराळें आहे. पुराची खूण भिंतीवरून पुसून टाकली तर पूर येण्याचा थांबत नाहीं. फक्त नवीन राहणाऱ्याला घराचें जोतें किती उंच घालावें तें कळत नाहीं. अन्यायाच्या खुणेचेंही तसेंच आहे. ज्या मुलास आपल्या गांवांतील विहीर एके काळीं कोणाला बंद होती हें ठाऊक आहे, तें मूल उद्यां दुसरें एखादें दार कोणासाठीं बंद होतांना पाहिलें तर तत्काळ ओळखील. ज्याला कांहींच ठाऊक नाहीं, तें मूल त्या दाराशीं निर्धास्तपणें उभें राहील, आणि कदाचित् कडी लावणाऱ्यांतही असेल.

तात्पर्य, खाडीनें महाडला बंदर दिलें, गोड्या पाण्याची टंचाई दिली व पुराचें भयही दिलें. येथवर सृष्टीची सत्ता. परंतु टंचाई वांटून घ्यावयाची कीं तिच्यावर पहारा बसवावयाचा, पुरासाठीं जागा ठेवावयाची कीं तीही विकून टाकावयाची, हें खाडीनें ठरविलेलें नाहीं. तें माणसांनीं ठरविलें. भूगोल प्रश्न घालतो व इतिहास म्हणजे माणसांनीं दिलेलीं उत्तरें, असें आम्हांस वाटतें. उत्तरें चुकतात तीं दुरुस्तही करतां येतात. महाडच्या तळ्यानें तेंही दाखविलें आहे.

विद्यार्थिमित्रहो, तुमचें गांव कोठलेंही असो, त्याला एखादी नदी, ओढा किंवा तळें असेलच. या उन्हाळ्याच्या सुटींत एक वही घ्या. गांवांतील सर्व पाणवठ्यांचा नकाशा काढा. सर्वांत मोठ्या पुराचें पाणी कोठवर चढलें होतें, तें वडील माणसांस विचारून त्यावर रेघ मारा. प्रत्येक विहिरीवर पूर्वीं कोण पाणी भरीत असे व कोणाला मनाई होती, हेंही विचारा आणि मिळेल तें उत्तर जसेंच्या तसें लिहून ठेवा. पालकांस आमची विनंति एवढीच कीं, मुलांनीं हा प्रश्न विचारला म्हणजे त्यांना गप्प करूं नये. उत्तर देतांना कदाचित् संकोच वाटेल. पण घरांतील वडिलांच्या तोंडून ऐकलेलें सत्य कोणत्याही क्रमिक पुस्तकापेक्षां अधिक काळ मनांत राहतें, आणि उद्यां गांवाचा कारभार याच मुलांच्या हातीं जावयाचा आहे.