हिरवळीचे भाडे आणि दानाची पावती

आपल्याकडे चातुर्मास मध्यावर येतो, पर्युषण आणि दशलक्षण पर्वाची तयारी घरोघरी सुरू होते. नेमक्या त्याच सुमारास अमेरिकेतील विद्यापीठांच्या गावांत महाविद्यालयीन फुटबॉलचा हंगाम उभा राहतो. ऑगस्टच्या अखेरीपासून नोव्हेंबरच्या अखेरीपर्यंत तो चालतो. आपल्या समाजातील अनेक मुले-मुली शिक्षणासाठी त्या गावांत राहतात. फोनवर बोलताना एखादे वेळी त्यांच्याकडून ऐकू येते, ‘उद्या सामना आहे, गाडी आज रात्रीच हलवली पाहिजे.’ खेळ मैदानावर, आणि गाडी दोन मैलांवरच्या वाहनतळातून का हलवायची, हे इथल्या आईवडिलांना उमगत नाही. त्या प्रश्नाच्या उत्तरात अर्थशास्त्राचा एक सुंदर धडा दडलेला आहे, आणि दानधर्माविषयीचा एक अवघड प्रश्नही.

प्रथम आकारमान ध्यानात घेऊ. मिशिगन राज्यातील ॲन आर्बर हे विद्यापीठाचे गाव. २०२० च्या जनगणनेनुसार त्याची लोकसंख्या सुमारे १ लाख २४ हजार. तेथील विद्यापीठाचे क्रीडांगण १९२७ साली उघडले आणि आज त्यात १,०७,६०१ प्रेक्षक बसतात, म्हणजे आपल्या वानखेडेच्या तिपटीहून अधिक. हे अमेरिकेतील सर्वांत मोठे क्रीडांगण होय. येथे खेळणारे विद्यापीठाचे विद्यार्थी असले, तरी प्रेक्षक शेजारच्या गावांतूनच नव्हे, तर शेजारच्या राज्यांतूनही येतात. सामन्याच्या शनिवारी गावात जवळजवळ दुसरे गाव येऊन उतरते, आणि त्यातील बहुतेक जण मोटारीने येतात. मुंबईच्या लोकलसारखी सोय तेथे नाही.

आता थोडा हिशेब मांडू. एका मोटारीत सरासरी तीन माणसे आली असे धरले, तर एक लाख प्रेक्षकांसाठी सुमारे तेहतीस हजार मोटारी होतात. मोटार उभी करण्याची जागा आणि तिला आत-बाहेर करण्याची वाट मिळून एका गाडीला साधारण तीनशे चौरस फूट लागतात. गुणाकार केला की जवळजवळ एक कोटी चौरस फूट, म्हणजे सुमारे २२७ एकर जमीन होते. आणि ही जमीन लागते किती दिवस? घरच्या मैदानावरचे सामने वर्षाला साधारण सात. उरलेले ३५८ दिवस त्या जागेला कोणी विचारणार नाही. सात दिवसांच्या मालासाठी वर्षभराचे गोदाम बांधणारा व्यापारी आपल्यात सापडणार नाही. कोणी बांधायला निघालाच, तर बँक त्याला कर्ज देणार नाही. म्हणूनच कोणतेही शहाणे गाव एवढे वाहनतळ कायमचे बांधत नाही.

मग व्यवस्था होते कशी? जी जागा एरवी दुसऱ्या कामाची आहे, ती त्या दिवसापुरती उघडली जाते. ॲन आर्बरमध्ये क्रीडांगणासमोर पायोनियर हायस्कूल आहे; तिचे आवार सामन्याच्या दिवशी मोटारींनी भरते आणि मिळणारे उत्पन्न तेथील सार्वजनिक शाळांच्या कामी येते. शेजारच्या गोल्फच्या मैदानांवर त्या दिवशी मोटारींच्या रांगा लागतात. आणि सर्वांत मनोहर दृश्य म्हणजे आसपासच्या गल्ल्यांतील घरे. घरमालक सकाळीच खुर्ची टाकून दारात बसतो, पुठ्ठ्यावर दर लिहून तो झाडाला टांगतो, आणि घरासमोरच्या हिरवळीवर आठ-दहा मोटारी मापून उभ्या करून घेतो. आयोवा सिटीसारख्या इतर विद्यापीठनगरांतही हीच रीत आहे. सायंकाळी मोटारी जातात, दबलेले गवत चार दिवसांत पुन्हा उभे राहते, आणि जागा पुन्हा घराची होते. गरजेपुरतेच घ्यावे आणि गरज सरली की सोडावे, ही आपल्याला परिचित असलेली शिकवण जमिनीच्या बाबतीत तेथे व्यवहारानेच पाळली जाते.

या हिरवळीच्या बाजारात दर कसा ठरतो, ते व्यापारी मनाला सहज कळेल. क्रीडांगणाच्या दारापासून जितके दूर जावे, तितका दर उतरतो. दोन मिनिटांच्या वाटेवरची जागा महाग, वीस मिनिटांच्या वाटेवरची स्वस्त. मधला फरक हे चालण्याच्या श्रमाचे मोल. दुसरा नियम वेळेचा. खेळ सुरू होईपर्यंत जागेला गिऱ्हाईक असते. पहिली शिटी वाजली की तीच जागा मोफत देऊ केली, तरी कोणी घेत नाही. संध्याकाळच्या पालेभाजीसारखा हा नाशवंत माल आहे. तिसरा नियम प्रतिस्पर्ध्याचा. ओहायो स्टेट हा मिशिगनचा जुना प्रतिस्पर्धी एक वर्षाआड नोव्हेंबरच्या अखेरीस ॲन आर्बरला येतो. त्या दिवशीचा दर साध्या सामन्याचा राहत नाही. आणि चौथा नियम बाहेर पडण्याचा. हिरवळीवर मोटारी एकीमागे एक खेटून लावलेल्या असतात. मागची हलल्याशिवाय पुढची सुटत नाही. म्हणून काही पाट्यांवर ‘ईझी आऊट’ असे लिहिलेले असते. तुमची वाट कोणी अडवणार नाही, याचे ते आश्वासन, आणि त्याचे थोडे अधिक दाम. परतताना तासभर अडकून पडण्याची ज्याची तयारी आहे, त्याला जागा स्वस्तात मिळते.

जागेची टंचाई माणसाला किती कल्पक बनवते, याचे उदाहरण टेनेसी राज्यातील नॉक्सविल येथे पाहावे. तेथील नेलँड क्रीडांगण टेनेसी नदीच्या काठी आहे. १९६२ साली जॉर्ज मूनी नावाच्या गृहस्थाने रस्त्यावरची कोंडी टाळण्यासाठी सरळ लहान बोटीने येऊन क्रीडांगणाजवळ नांगर टाकला. त्याचे अनुकरण इतरांनी केले, आणि आज सामन्याच्या दिवशी नदीकाठी बोटींचा ताफाच उभा असतो. त्याला गंमतीने ‘व्हॉल नेव्ही’, म्हणजे तेथील संघाचे नौदल, असे म्हणतात.

ज्यांची मुले अशा गावांत शिकत आहेत, त्यांनी यातून व्यवहाराच्या चार गोष्टी टिपून ठेवाव्यात. अनेक विद्यापीठांत सामन्याच्या दिवशी विद्यार्थ्यांचे नेहमीचे वाहनतळ प्रेक्षकांसाठी राखले जातात. महिन्याचे पैसे भरलेले असले, तरी ठरल्या वेळेपूर्वी गाडी हलवावीच लागते. न हलवल्यास ती उचलून नेतात आणि सोडवून आणण्याचा भुर्दंड पडतो. घरच्या सामन्यांच्या तारखा कितीतरी महिने आधी जाहीर होतात. मात्र अनेक सामन्यांची वेळ दूरचित्रवाणी वाहिन्यांच्या सोयीने बारा दिवस, कधी तर सहाच दिवस आधी ठरते. मुलांना भेटायला जाण्याचा बेत आखताना हे वेळापत्रक पाहूनच विमानाची तिकिटे काढावीत. त्या शनिवार-रविवारी खोल्यांचे दर चढलेले असतात आणि रस्ते तुंबलेले. सामना पाहण्याची हौस असल्यास मुक्काम थोडा दूर ठेवून विद्यापीठाच्या किंवा गावाच्या बसने जाणे सर्वांत सोयीचे. सामन्यापूर्वी वाहनतळात मोटारीचे मागचे फळकूट उघडून भोजनाची जी मैफल जमते, तिला टेलगेटिंग म्हणतात. तेथे मांस भाजणे आणि मद्यपान सर्रास चालते. आपल्या मुलांनी तेथे जाऊच नये असे नव्हे. पण सोबत खाकरे-ठेपल्यांचा डबा न्यावा, हे उत्तम.

येथवर सर्व व्यवहार सरळ आहे. मालकाने दर सांगितला, गिऱ्हाइकाने दिला, दोघेही मोकळे. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस शाखेतील प्राध्यापक डोनाल्ड शूप यांनी आयुष्यभर हेच सांगितले. २००५ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द हाय कॉस्ट ऑफ फ्री पार्किंग’ या ग्रंथात त्यांनी दाखवून दिले की, फुकट वाहनतळ खऱ्या अर्थाने फुकट कधीच नसतो. त्याची किंमत घरभाड्यात, मालाच्या भावात आणि जागा शोधत घिरट्या घालणाऱ्या वाहनांच्या इंधनात मिसळलेली असते, आणि ज्याच्याकडे मोटार नाही, तोही ती भरत असतो. जागेला उघड दर लावा आणि येणारा पैसा त्याच रस्त्याच्या सुधारणेवर खर्च करा, असे त्यांचे म्हणणे. पुठ्ठ्याची पाटी टांगून बसलेला घरमालक नकळत निदान त्यातला पहिला भाग पाळत असतो.

गुंता होतो तो क्रीडांगणाच्या अगदी दारातल्या जागांपाशी. या जागा बहुधा पैसे टाकून त्या दिवशी मिळत नाहीत. विद्यापीठाच्या क्रीडा-निधीला जो मोठे दान देतो, त्याला त्या मिळतात. दात्यांची उतरंड ठरलेली असते. वर्षानुवर्षे जितके अधिक दिले, तितकी जागा दाराच्या जवळ. देणारा म्हणतो, मी विद्येला दान दिले. पण दानाच्या पावतीसोबत मोटारीच्या काचेला लावायचा परवानाही आला, तर त्यातले दान किती आणि भाडे किती?

अमेरिकेच्या कायद्यालाही हा प्रश्न बराच काळ छळत राहिला. तेथील सर्वसाधारण नियम असा की, दानाच्या मोबदल्यात काही मिळाले असेल, तर त्याचे बाजारमूल्य वजा करून उरेल तेवढेच दान. असे मोबदल्याचे दान ७५ डॉलरहून अधिक असेल, तर संस्थेने दात्याला त्या मोबदल्याचे मूल्य लेखी कळवावे लागते. मात्र महाविद्यालयीन खेळांसाठी १९८८ साली एक खास सवलत दिली गेली. दान देऊन सामन्याचे तिकीट विकत घेण्याचा हक्क मिळत असला, तरी त्या रकमेच्या ८० टक्के भागावर करसवलत मिळे. म्हणजे मोक्याच्या आसनासाठी मोजलेला पैसा बऱ्याच अंशी धर्मादाय ठरे, आणि त्याचा भार सर्वसामान्य करदात्यावर पडे. ही सवलत जवळजवळ तीस वर्षे टिकली. डिसेंबर २०१७ मध्ये संमत झालेल्या करकायद्याने ती काढून टाकली आणि २०१८ पासून तो हक्क हा मोबदलाच ठरला. हा बदल मला योग्य वाटतो. आसन घ्यावे, जागा घ्यावी, त्यासाठी हवे तेवढे पैसे मोजावेत. पण त्या पैशाला दान म्हणू नये, इतकेच.

हा विषय आपल्या मासिकात मांडण्याचे कारण असे की, आपण दान देणारा समाज आहोत. आपली बोलीची प्रथा या कसोटीवर बरीचशी उतरते, असे मला वाटते. बोली भर सभेत होते, आकडा सर्वांच्या कानांवर पडतो, आणि देणाऱ्याला मिळतो तो आरतीचा किंवा पूजेचा मान. त्याचे बाजारात काही मोल नसते. परंतु त्याच उत्सवात प्रवचन-मंडपाच्या दारातील चार-पाच जागा ‘राखीव’ अशी दोरी बांधून मोठ्या देणगीदारांच्या मोटारींसाठी सोडल्या जातात, तेव्हा दानाला भाड्याचा वास येऊ लागतो. ऐंशी वर्षांच्या आजी गल्लीच्या तोंडाशी रिक्षातून उतरून, उभ्या मोटारींमधून वाट काढत येतात; उपवासाचा आठवा दिवस असलेली गृहिणी तशीच चालत येते; आणि मंडपाच्या दारात रिकामी जागा एका मोटारीची वाट पाहत असते. कोणत्याही देणगीदाराने ही जागा मागितलेली नसते, हेही तितकेच खरे. कार्यकर्ते आदरापोटी ती राखतात, आणि नंतर ती प्रथा होऊन बसते.

यावर उपाय सोपा आहे. दारातील जागा वृद्ध, आजारी आणि तपस्वी यांना उतरवण्यासाठी मोकळी ठेवावी. तेथे कोणाचीही मोटार उभी राहू नये. उरलेल्यांसाठी जवळच्या शाळेचे आवार किंवा एखाद्या बांधवाचे गोदामासमोरचे अंगण त्या आठ-दहा दिवसांपुरते मागून घ्यावे, आणि शाळेला त्याचे रीतसर भाडे द्यावे. शेजाऱ्यांच्या फाटकासमोर वाहने लागणार नाहीत, यासाठी चार तरुण नेमावेत. आणि या व्यवस्थेची सुरुवात विश्वस्तांनी स्वतःची मोटार त्या दूरच्या आवारात लावून करावी. येत्या पर्युषणापूर्वीच्या बैठकीत हा एक विषय कार्यक्रमपत्रिकेवर घ्यावा, अशी सर्व संघांच्या कार्यकारिणीला माझी नम्र विनंती आहे.

जय जिनेंद्र.