शब्दविचार : ‘फ्री फ्लॅप’ — फुकट, मोकळा, कीं देठजोड?

आमच्या या सदराच्या एका वाचक भगिनींचें नागपुराहून पत्र आलें आहे. त्यांच्या वडील दिरांना तोंडाचा कर्करोग झाला असून खालच्या जबड्याचा कांहीं भाग काढावा लागणार आहे, आणि शस्त्रक्रियेच्या कागदावर ‘फ्री फिब्युला फ्लॅप’ असे तीन शब्द लिहिलेले आहेत. घरांत इंग्रजी शिकलेलीं सात माणसें. परंतु या तीन शब्दांचा मेळ कोणासच नीट घालतां येईना. सबब त्यांचा अर्थ सांगावा, अशी त्यांची विनंति आहे. त्यांना पत्रोत्तर तेव्हांच धाडलें. पण हे शब्द आज पुष्कळ घरांत येऊं लागले असल्यामुळें तोच विचार येथें जरा विस्तारानें मांडतों. एरवीं व्युत्पत्ति हा रिकाम्या वेळच्या आवडीचा विषय असेल. परंतु ज्या शब्दाखालीं घरच्या माणसाला सही करावयाची असते, त्याचा अर्थ कळणें ही संसारांतली गरज आहे.

प्रथम ‘फ्लॅप’ घेऊं. पाकिटाचें तोंड बंद करणारी झडप, कोटाच्या खिशावर लोंबणारी पट्टी, या वस्तूंना इंग्रजींत फ्लॅप म्हणतात. एका बाजूनें जोडलेली आणि इतर बाजूंनीं सुटी, हा तिचा विशेष. ‘फ्री’ म्हणजे सुटा, मोकळा. तेव्हां ‘फ्री फ्लॅप’ म्हणजे ‘कोठेंहि न जोडलेली, पण एका बाजूनें जोडलेली वस्तु’ असा अर्थ निघतो! आमच्या शास्त्रांत अशा बोलण्यास वदतोव्याघात म्हणतात. वंध्यापुत्र हा शब्द त्याच जातीचा. मग शहाण्यासुरत्या शल्यवैद्यांनीं असा शब्द कां स्वीकारला? त्याचें उत्तर त्यांच्या विद्येच्या इतिहासांत आहे. तेवढ्यासाठीं अंगावरचें मांस किंवा कातडी एका जागेहून दुसऱ्या जागीं नेण्याच्या तीन रीति ध्यानांत घ्याव्या लागतील.

पहिली रीति त्वचारोपणाची. आमच्या आलापल्लीच्या जंगलांत साग लावण्याची एक पद्धत आहे. रोपवाटिकेंतलें सागाचें रोप उपटून त्याचें मूळ वीतभर आणि वरचा भाग दोन बोटें ठेवतात, बाकी सर्व छाटून टाकतात. या तुकड्यास जडी म्हणतात. पावसाळ्याच्या तोंडीं ती जमिनींत रोवली कीं नवीं मुळें फुटेपर्यंत अंगच्या सांठ्यावर ती जगते. मांडीची पातळ कातडी भाजलेल्या जागेवर लावतात, तिची स्थिति अशीच असते. तिच्याबरोबर रक्तवाहिनी येत नाहीं. पहिले एक-दोन दिवस ती खालचा ओलावा शोषून तग धरते. पुढें खालच्या वाहिन्या तिच्यांत शिरतात आणि ती रुजते. हें पातळ कातडीला साधतें; जाड मांसाला किंवा मोठ्या हाडाला साधत नाहीं, कारण ओलावा आंतपर्यंत पोंचण्यापूर्वींच तें मरून जातें.

दुसरी रीति आंब्याच्या भेटकलमासारखी. भेटकलमांत फांदी मूळ झाडापासून तोडीत नाहींत. कुंडींतलें रोप तिच्याजवळ आणून दोघांच्या साली तासून बांधतात. सांधा जुळला म्हणजे मगच फांदी आईपासून तोडतात. तोंवर फांदीला रस जुन्या झाडाचा. शल्यवैद्य कातडीचा पल्ला तीन बाजूंनीं सोडवून चौथ्या बाजूनें जागच्या जागीं ठेवतो आणि शेजारच्या जखमेवर वळवून बसवितो. त्या चौथ्या बाजूंतून रक्त वाहत राहतें. या बाजूस इंग्रजींत ‘पेडिकल’ म्हणतात. त्याचें मूळ लॅटिन भाषेंत असून अर्थ ‘लहान पाय’ असा आहे; आमचा ‘देठ’ हा शब्द तेथें नेमका बसतो. खरा फ्लॅप तो हाच.

या रीतीचा सर्वांत प्रसिद्ध दाखला आपल्या पुण्याचाच आहे. इंग्रज आणि टिपू सुलतान यांच्या 1792 पर्यंत चाललेल्या युद्धांत इंग्रजी फौजेकडे कावसजी नांवाचा एक मराठा शेतकरी बैल हांकण्याचें काम करीत होता. टिपूच्या लोकांनीं त्याला पकडून त्याचें नाक व एक हात कापला. सुमारें एक वर्ष तो तसाच राहिला. नंतर पुण्याजवळ विटा करणाऱ्या जातीच्या एका माणसानें त्याला नवें नाक करून दिलें. क्रुसो व फिंडले या मुंबईकडील दोघां इंग्रज वैद्यांनीं हें काम डोळ्यांनीं पाहिलें. त्याचें वर्णन लंडनच्या ‘जेंटलमन्स मॅगझिन’ या मासिकांत ऑक्टोबर 1794 मध्यें छापून आलें. तें असें : मेणाचा पातळ पत्रा नाकाच्या जागीं बसवून त्याचें माप घ्यावयाचें, मग तो सपाट करून कपाळावर ठेवून भोंवतीं रेघ ओढावयाची, तेवढी कातडी सोडवावयाची, पण दोन डोळ्यांच्या मधली चिंचोळी पट्टी राखावयाची. मग ती कातडी पीळ देऊन खालीं आणावयाची, जुनी जखम ताजी करून तींत बसवावयाची आणि पाण्यांत कालवलेल्या काताच्या पट्ट्यांनीं चिकटवावयाची. चार दिवसांनीं त्या काढून तुपांत भिजविलेल्या पट्ट्या लावावयाच्या. सुमारें पंचविसाव्या दिवशीं ती राखलेली पट्टी, म्हणजेच देठ, कापावयाचा.

मेण, कात आणि तूप! कोणत्याहि घरांत मिळणाऱ्या या तीन वस्तूंवर तें नाक उभें राहिलें. हें वर्णन वाचून लंडनच्या जोसेफ कार्प्यू यानें 1814 सालीं तशीच शस्त्रक्रिया केली आणि 1816 सालीं तिचा वृत्तांत प्रसिद्ध केला; युरोपांत या विद्येस पुन्हा चालना मिळाली ती तेथून. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानांत सोळाव्या अध्यायांत कान, नाक व ओठ सांधण्याचे विधि आहेत, आणि नाकासाठीं झाडाच्या पानाचें माप घेऊन गालाची कातडी वापरावयास सांगितली आहे. आपण त्या ग्रंथाचा अभिमान बाळगतों तो योग्यच. परंतु इंग्रज वैद्यांनीं जी विद्या पाहिली ती कोणा शास्त्र्याच्या पोथींत नव्हे, तर विटा करणाऱ्याच्या हातांत पाहिली, हेंहि विसरूं नये. रोग्याचें नांव छापलें गेलें. त्या कारागिराचें मात्र कोणीं विचारून ठेवलें नाहीं.

आतां तिसरी रीति, आणि आपला शब्द. देठ ठेवून काम करावयाचें तर एक अडचण राहते : पल्ला देठाच्या लांबीपलीकडे जाऊं शकत नाहीं. कपाळाची कातडी नाकापर्यंत येईल, पायाची जबड्यापर्यंत कशी यावी? त्यासाठीं देठ तोडलाच पाहिजे; आणि तोडलेला देठ नव्या जागीं पुन्हा जोडला पाहिजे. देठांत एक रक्त आणणारी धमनी आणि एक-दोन रक्त परत नेणाऱ्या शिरा असतात. त्यांची जाडी बहुधा 1 ते 3 मिलिमीटर. इतक्या बारीक नळ्या तोंडाला तोंड लावून, आंतली वाट मोकळी ठेवून शिवावयाच्या. दोरा केसाहूनहि बारीक, आणि काम सूक्ष्मदर्शकाखालीं. 1960 सालीं अमेरिकेंत जेकबसन व स्वारेझ यांनीं सूक्ष्मदर्शकाखालीं अशा बारीक वाहिन्या जोडून दाखविल्या. 1973 सालीं ऑस्ट्रेलियांत टेलर व डॅनियल यांनीं जांघेजवळची कातडी तिच्या वाहिन्यांसह सोडवून घोट्याच्या जखमेवर नेली आणि वाहिन्या तेथें जोडल्या. देठाच्या बंधनांतून सुटलेला पल्ला म्हणून तो ‘फ्री’. जुनें नांव कायम राहिलें आणि त्याच्या उलट अर्थाचें विशेषण त्याला चिकटलें. वदतोव्याघाताचें कारण हें असें आहे.

राहतां राहिला ‘फिब्युला’. गुडघ्याखालीं दोन हाडें असतात. नडगीचें जाड हाड अंगाचा भार वाहतें. त्याच्या बाहेरच्या अंगास दुसरें बारीक हाड असतें, तें फिब्युला. लॅटिनमध्यें या शब्दाचा अर्थ वस्त्र अडकवावयाची पिन असा आहे. या हाडाचा वरचा व खालचा भाग गुडघ्याच्या आणि घोट्याच्या स्थैर्यासाठीं राखून मधला वीतभर तुकडा घेतला तरी मनुष्य पुन्हा चालूं शकतो. 1989 सालीं न्यूयॉर्कच्या हिडाल्गो यांनीं या हाडाचे तुकडे पाडून, कोन साधून, त्यापासून जबडा बनविण्याची रीत प्रसिद्ध केली. कर्करोगानें जबडा गेलेल्या मनुष्यासाठीं आज ती जगभर वापरतात.

येथें कोणी म्हणेल, हें सर्व डॉक्टरांनीं जाणावें, आम्हांस काय? तर एक घडलेली गोष्ट सांगतों. आमच्या ओळखीच्या एका गृहस्थानें जन्मभर खर्रा खाल्ला. सुपारी, तंबाखू आणि चुना एकत्र घोटून केलेला हा पदार्थ विदर्भांत पानठेल्यावर ताजा घोटून मिळतो. 2012 सालीं राज्यांत गुटख्यावर बंदी आली, तरी खर्ऱ्याची संवय आमच्या भागांत घट्ट आहे. त्या गृहस्थांच्या जबड्यांत रोग उतरला. शहरांतल्या एका रुग्णालयांत ‘फ्री फ्लॅप’ करावयाचें ठरलें. त्यांच्या धाकट्या भावानें मला फोनवर विचारलें, “गुरुजी, डॉक्टर फ्री फ्लॅप म्हणते; मंग पैशाचा कोन्ता असते?” शेजारीं बसलेले हंसले, पण त्यांत हंसण्यासारखें कांहीं नव्हतें. बाजारांत ज्या शब्दाचा अर्थ ‘फुकट’ असा एकच आहे, तोच शब्द रुग्णालयांत त्याच्या कानीं पडला होता.

याहून घातक गैरसमज पुढेंच होता. त्यांचे एक काका पूर्वीं भाजले होते, तेव्हां मांडीची कातडी लावून काम भागलें होतें. “तसेंच करा, पायाचें हाड कशाला कापतां?” असा घरच्यांचा हट्ट पडला. पाय कायमचा जाणार, अशी त्यांची समजूत झाली होती. या वादांत आठ दिवस गेले. कर्करोगाच्या कामांत आठ दिवस म्हणजे थोडे नव्हेत. अखेर एका तरुण डॉक्टरनें कागदावर पायाचीं दोन हाडें काढून, कोणतें घेणार आणि कोणतें राहणार हें दाखविलें. मग सही झाली. चित्रानें जें केलें तें शब्दानेंच करावयास हवें होतें.

मग मराठींत यास म्हणावें काय? ‘मुक्त पल्ला’ हें शब्दशः भाषांतर होईल. पण इंग्रजींतला दोष त्यांत जसाच्या तसा उतरतो. हा पल्ला मुक्त मुळींच नसतो. एका ठिकाणीं सोडला तो तासा-दोन तासांत दुसऱ्या ठिकाणीं बांधला जातो, आणि तसा बांधला तरच जगतो. म्हणून रक्त कोठून येतें हें ज्यावरून कळेल तो शब्द चांगला, ही कसोटी मी धरतों. या कसोटीनें पहिल्या रीतीस रूढ असलेलें ‘त्वचारोपण’ हें नांव योग्य आहे. रोपाला देठ नसतो, तें रुजावें लागतें. दुसरीस ‘सदेठ पल्ला’ म्हणावें आणि तिसरीस ‘देठजोड पल्ला’. वाहिन्या तोंडाला तोंड लावून शिवण्यास सुश्रुताचाच ‘संधान’ हा शब्द घेऊन ‘वाहिनीसंधान’ म्हणतां येईल. रुग्णालयांत ‘फ्री फ्लॅप’ हाच शब्द चालेल, आणि तेथें तोच बोलावा. परंतु घरांत आजीला आणि सुनांना समजावून सांगतांना ‘देठजोड’ म्हणून पाहावें.

हा शब्द एकदां मनांत बसला कीं शुश्रूषा करणाऱ्यांना पुष्कळ गोष्टी आपोआप कळतात. पहिले दोन-तीन दिवस परिचारिका तासातासाला येऊन पल्ल्याचा रंग कां पाहते? देठाचा सांधा वाहता आहे कीं नाहीं, हें ती पाहते. पल्ला फिका व गार पडला तर रक्त येणें थांबलें. निळसर होऊन फुगला तर परत जाणें थांबलें. असें दिसतांच पुन्हा शस्त्रक्रियागृहांत नेल्यास पल्ला पुष्कळदां वांचतो. म्हणून मध्यरात्रीं तशी वेळ आली तर घरच्यांनीं घोळ घालूं नये. अनुभवी ठिकाणीं शंभरांतले पंचाण्णव किंवा त्याहूनहि अधिक पल्ले जगतात, तें या जागरणामुळें. जबड्याच्या पल्ल्याचा सांधा बहुधा गळ्यांत असतो. म्हणून डॉक्टरांनीं सांगितल्यावांचून मान वळवूं देऊं नये, उशी देऊं नये, आणि भक्तीनें आणलेला ताईत किंवा काळा दोरा गळ्यांत बांधूं नये. हवा तर तो उशाशीं ठेवावा. तंबाखूनें बारीक वाहिन्या आकसतात. ज्या खर्ऱ्यानें जबडा नेला, त्याची चिमूट कोणा भेटीस आलेल्यानें मायेनें पुढें केली, तर तो नवा देठच तोडावयास आला आहे असें समजावें.

पत्रलेखिका भगिनींना माझें सांगणें इतकेंच होतें : तुमच्या दिरांच्या पायांतलें भार न वाहणारें हाड, त्याच्या वाहिन्यांसह, जबड्याच्या जागीं नेऊन तेथील वाहिन्यांना जोडावयाचें आहे, ‘फ्री’ या शब्दाचा पैशाशीं कांहीं संबंध नाहीं. खर्चाची चौकशी निराळी करावी. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेंत तो बसतो काय, हें सही करण्यापूर्वींच विचारावें. आणि डॉक्टरांना एक प्रश्न अवश्य करावा, “देठ कोठें जोडणार?” तें उत्तर घरांतल्या सातहि माणसांनीं नीट ऐकून ठेवावें, म्हणजे उशाशीं बसण्याची पाळी कोणाचीहि असो, काय जपावयाचें तें त्याला ठाऊक असेल.