चावी कोणाकडे आणि किती दिवस?

आम्ही कारकून माणसे. आमचे अर्धे आयुष्य कपाटे, रजिस्टरे आणि चाव्या सांभाळण्यात गेले. ऑफिसात बदली झाली की चार्ज देण्याघेण्याची यादी होते. कपाटाच्या चाव्या इतक्या, रबरी शिक्के इतके, पावती पुस्तके इतकी. दोघांच्या सह्या झाल्याशिवाय जुना माणूस सुटत नाही. हे सगळे आम्हाला तोंडपाठ. तरीही आमच्याच मंडळाच्या कामात आम्ही चुकलो, ते आज सांगतो.

वस्तीतल्या मुलांच्या परीक्षा फीसाठी आमचे मंडळ दरवर्षी वर्गणी काढते. मुलांची नावे, बँकेचे खाते नंबर, रक्कम अशी यादी पूर्वी वहीत असायची. आता ती क्लाऊडवरच्या तक्त्यात असते. क्लाऊड म्हणजे ढग खरे, पण त्यात ढगाचे काही नाही. कुठल्या तरी कंपनीचे मोठमोठे कॉम्प्युटर दूरच्या इमारतीत असतात आणि त्यांतली जागा आपण इंटरनेटवरून वापरतो. आम्ही घाईघाईत ती यादी 'लिंक असेल तो कोणीही बदल करू शकेल' अशी ठेवली आणि लिंक व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर टाकून मोकळे झालो.

एका मुलीच्या खाते नंबरातला एक आकडा बदलला गेला. कोणाचे तरी मोबाईलवर चुकून बोट लागले असावे. बदल झाल्याची नोंद दिसत होती, पण करणाऱ्याचे नाव त्यात नव्हते. बँकेतून पैसे परत आले आणि ते आमच्या लक्षात येईपर्यंत फीची तारीख निघून गेली. मुलीची आई चार घरची धुणीभांडी करते. ती एवढेच म्हणाली, "भाऊ, तुम्ही शिकलेले, म्हणून तुमच्यावर सोडलं होतं." लेट फी मंडळाने भरली, मुलगी परीक्षेला बसली. पण ते बोलणे आमच्या कानातून अजून गेलेले नाही.

आमच्याच चाळीतली एक मुलगी कॉम्प्युटर कंपनीत कामाला आहे. क्लाऊडवर कोणाला काय करू द्यायचे ते ठरवणे, हेच तिचे काम. ती म्हणाली, "काका, तुमच्या ऑफिसात जे चालतं तेच इथे चालतं. तुम्ही घरच्या कामाला ते लावलं नाही, एवढंच."

तिने समजावले ते असे. अ‍ॅमेझॉनच्या क्लाऊडमध्ये नवा माणूस नोंदवला की सुरुवातीला त्याला काहीच करता येत नाही. जी परवानगी लिहून द्याल तेवढीच मिळते. एका ठिकाणी परवानगी आणि दुसऱ्या ठिकाणी स्पष्ट मनाई असेल, तर मनाई चालते. शिवाय 'रोल' नावाची सोय आहे. आपल्याकडे कॅशियरच्या खुर्चीला अधिकार असतो. आज त्या खुर्चीत एक बसतो, उद्या दुसरा. रोल म्हणजे तशी खुर्ची. ती घेणाऱ्याला तात्पुरती चावी मिळते आणि ठरलेला वेळ संपला की चावी आपोआप निकामी होते. सर्वांवर एक मालकाचे खाते असते. ते रोजच्या कामाला वापरायचे नाही, त्याला पासवर्डशिवाय दुसरे कुलूपही लावायचे. ज्याला जेवढे काम तेवढाच अधिकार, हा या सगळ्याचा पाया. साल्टझर आणि श्रोडर या दोन अमेरिकन संशोधकांनी 1975 सालीच हे तत्त्व लिहून ठेवले आहे.

हे तत्त्व विसरले तर काय होते, ते 2019 साली दिसले. कॅपिटल वन ही अमेरिकेतली मोठी बँक. तिची माहिती अ‍ॅमेझॉनच्या क्लाऊडवर होती. बाहेरून येणाऱ्यांना अडवणारा एक प्रोग्राम दारावर पहारेकऱ्यासारखा बसवला होता. त्याची मांडणी चुकली होती. एका बाईने त्याच्याकडूनच त्याच्या रोलची तात्पुरती चावी काढून घेतली. ती पूर्वी अ‍ॅमेझॉनमध्येच नोकरीला होती. आता पहारेकऱ्याचे काम दारावरचे. पण त्याच्या चावीने आतली गोदामे उघडत होती, मालाची यादी पाहता येत होती आणि मालही नेता येत होता. अमेरिकेतल्या सुमारे 10 कोटी आणि कॅनडातल्या सुमारे 60 लाख लोकांची माहिती गेली. त्यात सुमारे 80,000 बँक खात्यांचे नंबर होते. चोरी मार्चमधली, पण बँकेला जुलैमध्ये बाहेरच्या माणसाने कळवले तेव्हा कळली. 2020 साली बँकेला 8 कोटी डॉलरचा सरकारी दंड झाला आणि 2022 साली त्या बाईला कोर्टाने दोषी ठरवले.

एवढ्या मोठ्या बँकेचे जे चुकले, तेच लहान प्रमाणात आमचे चुकले. गरजेपेक्षा मोठी चावी दिली आणि ती कोणाकडे आहे ते पाहिले नाही. बँकेने दंड भरला. आमच्याकडे मात्र भरडली गेली असती ती एक पोर.

आता मंडळाने ठरवले आहे ते सांगतो. यादी नाव घातलेल्यांनाच उघडते. बदल करण्याचा अधिकार खजिनदार आणि चिटणीस या दोघांनाच आहे, बाकीचे सभासद फक्त पाहू शकतात. ज्यांना बदल करता येतो त्यांना आणखी कोणाला आत घेता येऊ नये, अशीही खूण करून ठेवली आहे. खाते नंबर वेगळ्या तक्त्यात ठेवले आहेत, कारण वर्गणी गोळा करणाऱ्या पोरांना त्यांची गरज नाही. मालकीचे खाते मंडळाच्या नावाचे आहे, कोणा एकाचे खासगी नाही. एक जण यादी करतो, दुसरा पासबुकाशी ताडून पाहतो आणि मगच पैसे जातात. दर सहा महिन्यांनी सभेत नावे वाचली जातात. जो पदावरून उतरला, त्याचे नाव त्याच दिवशी काढायचे.

यावर एक जुने कार्यकर्ते आमच्यावर रुसले. "माझ्यावर विश्वास नाही का?" म्हणाले. आम्ही म्हटले, "दादा, विश्वास आहेच. पण उद्या आकडा चुकला, तर तुमच्याकडे कोणी बोट दाखवू नये, म्हणून तुमची चावी काढली." दादा हसले आणि चहा सांगितला.

बचत गट, भिशी, अभ्यासिका, सोसायटी, ज्यांची ज्यांची अशी यादी असेल त्यांनी आज रात्री जेवणे झाल्यावर ती उघडावी. 'शेअर' लिहिलेल्या जागी बोट ठेवावे आणि तिथली नावे मोठ्याने वाचावीत. ज्याचे तिथे काम उरलेले नाही, त्याचे नाव निघालेले बरे. अडले तर घरातल्या कॉलेजच्या पोरीला जवळ बसवावे. तिला दहा मिनिटे पुरतील.